हरणाऱ्याचा घोट

मला हरायला आवडत नाही. लहानपणी मढला आमच्या आळीत पत्ते खेळताना हरले की मी सगळा डाव उधळून द्यायचे, आणि आई हातातले बोंबील टाकून माझ्या पाठीत धपाटा घालायला धावायची. लग्न होऊन नाहूरला आले तरी स्वभाव तोच राहिला. त्यामुळे व्हिडिओ गेमचं ते खोकं आणलं नवऱ्याने, पण आठवड्याभरात ते माझं झालं.

गेम तसा पोरकटच होता. एकाच पडद्यावर चौघांनी खेळायचा. छोट्या छोट्या गाड्या, त्यात बसलेले जाडजूड प्राणी, आणि रस्ता कधी ढगांतून तर कधी ज्वालामुखीच्या काठाने. मध्येच पूल तुटायचा. मागच्याच्या चाकाखाली तेल ओतायचं, पुढच्यावर भोपळे फेकायचे, शेजारच्याला ढकलून दरीत पाडायचं. सभ्य माणसाने सभ्य माणसाशी जे करायचं नसतं ते सगळं त्यात करता यायचं, म्हणून मला तो फार आवडला.

नवऱ्याच्या ऑफिसातले दोघे मित्र एका रविवारी दुपारी जेवायला आले तेव्हा बिअर आणली होती. खेळताना कुणीतरी म्हणालं की जो शेवटचा येईल त्याने घोट घ्यायचा. मी लगेच त्याचे नियम पक्के केले. शेवटचा आला की एक घोट. पुलावरून पडला की एक घोट. आणि ग्लास हातात असताना गाडी चालवायची नाही. गाडी कडेला घ्यायची, घोट घ्यायचा, ग्लास खाली ठेवायचा, मग पुढे. पिऊन गाडी चालवणाऱ्याला आमच्या खेळात थेट बाद. मित्र परत काही आले नाहीत, त्यांना मी फार छळलं असणार. पण खेळ आमच्या घरी राहिला. दर रविवारी जेवणाआधी तासभर मी आणि नवरा, दोघांत मिळून एक बाटली.

माझ्या माहेरी दारूचं कुणाला काही वाटत नाही. आमच्याकडे हळदीला बाटली आधी देवापुढे ठेवतात आणि मग पाहुण्यांना देतात. आजी माझ्या लग्नात घोटभर घेऊन नाचली होती. सासरी मात्र या खेळाआधी बाटली दिसायची नाही. नवऱ्याला एकदा विचारलं होतं, तर तो एवढंच म्हणाला की बाबांनी सोडलीय. मी मान डोलावली. आमच्या आळीत दारू सोडलेली माणसं दर होळीला परत भेटतात, त्यामुळे सोडणं या शब्दाला मी फार वजन दिलं नाही.

सासरे मूळचे कणकवलीकडचे. त्यांचे वडील गिरणीत होते. हे स्वतः एका कंपनीच्या स्टाफ बसवर ड्रायव्हर म्हणून लागले आणि त्याच बसवरून निवृत्त झाले. माणूस कमी बोलणारा. सकाळी पेपर, दुपारी झोप, संध्याकाळी स्टेशनपर्यंत चक्कर. निवृत्त झाल्यावर घरात त्यांना नेमकं कुठे बसायचं ते कळत नसल्यासारखे ते सोफ्याच्या एका टोकाला बसत. आम्ही खेळायला लागलो की पेपर खाली करून पडद्याकडे बघत राहायचे. चौथा काय, तिसरा रिमोटसुद्धा तसाच पडलेला असायचा. कंट्रोलरला ते रिमोट म्हणायचे, मग आम्हीही म्हणायला लागलो.

एका रविवारी मी तो रिमोट त्यांच्या हातात दिला. ते नको नको म्हणाले आणि घट्ट धरून बसले. त्यांनी हिरवा बेडूक निवडला. पहिल्याच वळणावर बेडूक दरीत गेला. आयुष्यभर मुंबईच्या रस्त्यांवर बस चालवलेला माणूस, आणि सरळ रस्त्यावर गाडी उलटी नेतोय, हे बघून आम्ही हसून हसून लोळलो. तेही हसले. त्यांना असं मोठ्याने हसताना मी तोवर ऐकलं नव्हतं.

ते शेवटचे आले. मी म्हटलं, बाबा, नियम सगळ्यांना सारखा. आणि देवघराशेजारच्या मांडणीवरचा छोटा स्टीलचा पेला घेऊन त्यात बोटभर बिअर ओतली.

नवऱ्याने स्वयंपाकघराकडे बघितलं. आई, म्हणजे माझ्या सासूबाई, उलथनं हातात घेऊन दारात उभ्या होत्या. बाबांनी पेल्याला हात लावला नाही. त्यांनी आईंकडे बघितलं आणि अगदी कोर्टात बाजू मांडावी तसे म्हणाले, "तो दंड आसा. हौस न्हय."

आईंनी उलथनं खाली केलं. मग म्हणाल्या, "हरलात तर एक घोट. वर थेंब नाय." आणि आत गेल्या.

मला वाटलं, झाली नवरा-बायकोची नेहमीची तंबी. माझी आई माझ्या बापाला याच्या दसपट सुनावते. मी पेला पुढे केला. बाबांनी तो दोन्ही हातांनी घेतला, तीर्थ घ्यावं तसा. त्या दिवशी मी हसले होते.

त्यानंतर रविवार म्हणजे आमच्या घरात सणच झाला. शनिवारी मी मढला जायचे, वर्सोव्याहून तरीच्या होडीने, आणि आईकडून मासे घेऊन यायचे. आई मढच्या बाजारात मासळी विकते. लेकीच्या सासरी जाणारा मासा ती आधी बाजूला काढते आणि मग टोपली उघडते. रविवारी सकाळी सासूबाई तो मासा करायच्या. त्यांच्या हाताला जी चव होती ती माझ्या आईच्या हातालाही नाही, आणि हे मी माझ्या आईच्या तोंडावर सांगितलेलं आहे. गंमत अशी की सासूबाई स्वतः मासे खात नसत. कालवण उकळलं की मला हाक मारायच्या, "मीठ बघ गो." मी चाखायचे आणि सांगायचे. मीठ न चाखता ती बाई तिरफळं घालून बांगड्याचं असं कालवण करायची की आमच्या आळीतल्या बायकांनी माना खाली घालाव्यात.

हे न खाणं माझ्या मनाला फार लागायचं. मी कोळ्याची मुलगी. माझ्या माहेरून येणारं सगळ्यात चांगलं जे काही ते मासेच, आणि सासू त्याला तोंड लावत नाही. नवरा म्हणायचा, देवाचं काहीतरी आहे, सोडलेत. मी दर रविवारी मागे लागायचे. आई, एक तुकडी. आई, नुसतं कालवण. त्या हसून वरण-भात कालवायच्या. एकदा तर मी रागाने म्हणाले होते की आमच्या घरचं चालत नसेल तर तसं सांगा. त्यांनी माझ्या डोक्यावर टपली मारली आणि माझ्याच ताटात सगळ्यात मोठी तुकडी घातली. कारण सांगितलं नाही.

तर रविवारी स्वयंपाक उरकला की आई बाहेर येऊन जेवणाच्या टेबलाशी बसायच्या, हातात काहीतरी निवडायला घेऊन, आणि आमचा खेळ बघायच्या. सुरुवातीला त्यांना सगळ्या गाड्या सारख्याच दिसत. मग बेडूक ओळखायला शिकल्या. बेडूक पडला की त्या जिभेने च्च करायच्या. तो प्रत्येक वेळी पडायचा. पूल आला की बाबांची गाडी बरोबर मधोमध जाऊन थांबायची आणि पूल तुटायची वाट बघायची, असं वाटावं. आम्ही त्यांना कच्चं लिंबू म्हणायला लागलो. त्यांचा घोट झाला की मी पेला परत भरून ठेवायचे, कारण पुढचा घोट कुणाचा ते ठरलेलंच असायचं.

आईंना आमचं हसणं आवडायचं नाही. त्या म्हणायच्या, "त्येंका हसू नकोस गो." आणि उठून आत जायच्या आणि बाबांसाठी काहीतरी तळून आणायच्या. कधी कांदाभजी, कधी भिजवलेल्या डाळीचे वडे. बशी थेट त्यांच्यासमोर ठेवायच्या, आम्हाला नंतर. बाबा खाली बघून खायचे. मला वाटायचं, या वयात काय प्रेम आहे यांचं. ते होतंच. मी चुकीचं काही बघत नव्हते.

मग गटारीचा रविवार आला. त्या दिवशी बाबा इतके हरले की मी त्यांना म्हटलं, तुमचा बेडूक आज डबक्यातच राहायला गेलाय. दुसऱ्या दिवसापासून श्रावण. घरात मांस-मच्छी बंद, बिअर बंद, पण खेळ बंद करायला मी तयार नव्हते. मी कोकम सरबत केलं. नियम तेच, घोट सरबताचा.

श्रावणात बाबा चांगले खेळले. दुसरे यायला लागले. एकदा पहिलेही आले, मला मागे टाकून, आणि मी इतकी चिडले की रिमोट सोफ्यावर आपटला. नवरा म्हणाला, सराव झाला त्यांचा. मी म्हटलं, बाबांना श्रावण लागतो. आई खूश झाल्या होत्या. शेजारच्या वहिनींना त्यांनी सांगितलं की आमचे हे आता सुनेला हरवतात. गणपतीला गावी जाऊन आलो, बाटली परत टेबलावर आली, आणि बेडूक परत दरीत जायला लागला. आम्ही परत हसायला लागलो. मी, नवरा, आई, तिघांपैकी एकाच्याही डोक्यात काही आलं नाही. मी मासा बघून सांगते की तो आजचा की कालचा. कल्ला उघडायचीही गरज पडत नाही. आणि माझ्या समोर, दोन हातांवर बसलेला माणूस मला कळला नाही.

दसरा झाल्यावर माझ्या लक्षात आलं की बाबांचा पेला फार वेळा भरावा लागतोय. एक घोट म्हटला तरी तासाभरात शर्यती किती होतात! आणि घोटही आता मोठा झाला होता. मला त्यांची काळजी वाटली. दुसरं म्हणजे, खरं सांगायचं तर, मी सारखी जिंकायचे आणि माझी बिअर ग्लासात गरम होऊन जायची, त्याचाही मला वैताग आला होता. म्हणून एका रविवारी मी नियम फिरवला. म्हटलं, आजपासून जो जिंकेल तो पिणार. हरलेल्याला काही नाही. आईंना मुद्दाम ऐकू जाईल असं म्हणाले, की बाबांना आता सुट्टी. आई टेबलाशी वाल सोलत बसल्या होत्या. त्यांनी माझ्याकडे बघितलं, आणि ती नजर मला अजून आठवते. त्यात माझ्याबद्दल इतकी माया होती.

पहिली शर्यत बाबा जिंकले. मी दुसरी आले. आईंनी हातातले वाल ताटात टाकून टाळी वाजवली. मीही ओरडले, नवऱ्याने शिट्टी मारली. बाबांनी पेला घेतला आणि एका दमात संपवला.

दुसरी शर्यतही ते जिंकले. बेडूक पुलावरून असा गेला की पूल हललासुद्धा नाही. मी दोनदा तेल ओतलं, दोन्ही वेळा त्यांनी ते चुकवलं, बसचा ड्रायव्हर खड्डा चुकवतो तसं, हात न हलवता, नुसत्या अंगठ्याने. आई हसत होत्या. म्हणाल्या, आज काय झालंय यांना.

तिसरीही ते जिंकले. मी पूर्ण ताकदीने खेळत होते, मला हरायला आवडत नाही हे सांगितलंच आहे, आणि मला त्यांच्या आसपासही जाता आलं नाही. मी ओरडले, "बाबा, तुम्ही इतके दिवस आम्हाला येडं बनवत होता की काय?" मी हे हसत म्हणाले. कौतुकानेच म्हणाले. म्हणून झाल्यावर आईंकडे बघितलं, त्याही हसत असतील म्हणून.

त्या हसत नव्हत्या. त्या बाबांकडे बघत होत्या, आणि बाबा पडद्याकडे. पडद्यावर शर्यत संपलेली होती, बेडूक नुसता नाचत होता. पेला भरलेला होता. बाबांनी तो उचलला. आईंनी सोललेले वाल, न सोललेले वाल, सालं, सगळं एका ताटात केलं आणि आत नेलं.

त्या दुपारी जेवणात मीठ कमी होतं. त्यांनी मला चाखायला हाक मारली नव्हती.

पुढच्या शनिवारी मी मढला गेले. आईकडे सुरमई आली होती, तिने चांगल्या जाड तुकड्या काढून दिल्या. रविवारी आम्ही खेळलो नाही. बाबा म्हणाले डोळे दुखतात. आईंनी सुरमई तळली. पानं घेतली. एरवी त्या आम्हाला वाढून मग बसायच्या, त्या दिवशी आमच्याबरोबरच बसल्या. मी तुकड्यांचं ताट फिरवत होते. त्यांच्या पानाशी आले आणि नेहमीसारखी पुढे जायला लागले, तर त्यांनी पान थोडं पुढे सरकवलं.

"माका पण वाढ," त्या म्हणाल्या.

मला काय आनंद झाला ते मी सांगू शकत नाही. मधली, पोटाकडची, सगळ्यात चांगली तुकडी मी त्यांना वाढली. त्यांनी काटा अलगद बाजूला केला, घास घेतला. मी जेवायची थांबून बघत बसले. आणि मग मी वेडीने डाव्या हाताने फोन काढला आणि तिथल्या तिथे माझ्या आईला लावला. स्पीकरवर टाकला. म्हटलं, आई, विहीणबाई मासे खातायत, तू दिलेली सुरमई. माझी आई तिकडून आनंदाने इतक्या जोरात बोलायला लागली की फोन टेबलावर थरथरला. म्हणाली, अगो माझ्या बायो, खा खा, उद्या अजून पाठवते, घोळ पाठवते, काय पायजे ते सांगा. सासूबाई फोनकडे बघून म्हणाल्या, सुरमई ताजी आहे हां.

तेव्हा मी बाकीच्यांकडे बघितलं. नवऱ्याने घास तोंडात तसाच धरला होता. बाबांचा हात भातात होता आणि हलत नव्हता. ते आईंच्या पानाकडे बघत होते. आईंनी सगळी तुकडी खाल्ली, डोक्याकडची एक अजून घेतली, तीही खाल्ली, हात धुतला आणि आत जाऊन पडल्या.

नवऱ्याने मला बाल्कनीत नेऊन सांगितलं. तो बारावीत असताना बाबांची दारू हाताबाहेर गेली होती. नोकरी जायची वेळ आली होती. शपथा त्यांच्या भरपूर घेऊन झाल्या होत्या, मुलाच्या डोक्यावर हात ठेवूनसुद्धा. शेवटी आई त्यांना गावी घेऊन गेल्या, देवळात उभं केलं, आणि गुरवाने गाऱ्हाणं घालायच्या आधी स्वतःच बोलल्या. त्यांच्याकडून काही वदवून घेतलं नाही. एवढंच म्हणाल्या की हे पीत नाहीत तोवर मी मासळीला तोंड लावणार नाही. मालवणी बाईने मासे सोडायचे म्हणजे काय, ते मला कुणी समजावून सांगायला नको. बाबा तिथेच बसून रडले. तेव्हापासून आमच्या खेळापर्यंत थेंब नाही. ते एक दिवस टिकले की आई एक दिवस टिकायच्या, असं दोघांचं चाललं होतं.

मी नवऱ्यावर भयंकर चिडले. मला सांगायला काय झालं होतं? मी पेला भरत होते तेव्हा तुझी वाचा बसली होती का? तो म्हणाला, आमच्याकडे त्याच्यावर कुणी बोलत नाही. आणि आईनेच म्हटलं ना, हरलात तर एक घोट. तिने तेवढी मोकळीक दिली. दंड म्हणून दिली. बाबा इतके हसत होते, मला बरं वाटत होतं.

मग मला सगळं लागोपाठ समजत गेलं. ती पुलाच्या मधोमध मुद्दाम थांबणारी गाडी. श्रावण. बशीतली भजी. आईंना बिअरचं दुःख नव्हतं, ते त्यांनी सोसलं होतं. हरलेल्या माणसाला दंड झाला, तर तो काही स्वतःहून पीत नाही, असं त्यांनी देवाशी आणि स्वतःशी भांडून ठरवलं असणार. आणि मी, बाबांची दया येऊन, नियम फिरवला. माझ्या हातून वाईट काही झालं नाही, असं नवरा म्हणतो. मीही तसं म्हणून बघते. पण त्या दिवशी माझी बिअर गरम झाली असती तर काही बिघडलं नसतं, हे डोक्यातून जात नाही.

बाबांनी त्या दिवसापासून परत थेंब घेतला नाही. मी ते खोकं गुंडाळून माळ्यावर टाकलं, आणि त्याबद्दल त्यांनी विचारलंसुद्धा नाही. आई रविवारी मासे खायला लागल्या. घरात भांडण नाही, अबोला नाही. त्या बाबांचा चहा वेळेवर करतात, त्यांच्या गोळ्या काढून ठेवतात. बाहेरून बघणाऱ्याला वाटेल, किती छान चाललंय. माझी आई तर आता दुप्पट मासे देते.

दिवाळीनंतर एक दिवस मी आतल्या खोलीत कपड्यांच्या घड्या घालत होते आणि ही दोघं स्वयंपाकघरात होती. बाबा म्हणत होते की ते गावी जाऊन नारळ देतील, जे म्हणशील ते देवळात बोलतील, पण तू परत मासे सोड. हे ते परत परत म्हणाले. इतकं लांब बोलताना मी त्यांना कधी ऐकलं नव्हतं. आई भांडी लावत होत्या, ती थांबवून म्हणाल्या, "तुमी प्यालात त्याचा माका काय नाय. तुमी हरतास म्हणान माजो जीव तुटायचो. पोरां हसायची, माका वायट वाटायचा. तुमच्यासाठी उठान भजी तळलंय मी. ता सगळा कोणासाठी केलंय?"

भांडी परत वाजायला लागली.

मी गप्प बसायला हवं होतं, पण मला ते जमत नाही. पुढच्या रविवारी आई बांगडे साफ करत होत्या आणि मी शेजारी खोबरं खवत होते. बाबा बाहेर टीव्ही बघत होते. मी विळी बाजूला केली आणि त्यांना म्हटलं की आई, तुम्ही परत मासे सोडा. ज्या बाईने माझ्या माहेरचा एक घास खावा म्हणून मी एवढे रविवार भांडले, तिच्यापुढे मी हात जोडून बसले होते. हात खोबऱ्याने भरलेले. म्हटलं, बाबांसाठी नाही तर माझ्यासाठी सोडा. ते आता खरंच घेत नाहीत. मी सांगते ना तुम्हाला, मी बघते रोज.

त्यांनी बांगड्याचं पोट साफ केलं, पाण्यातून काढला, ताटात ठेवला. दुसरा घेतला. माझ्यावर चिडलेल्या अजिबात नव्हत्या.

"सोडूचा तर कोणासाठी तरी सोडूचा लागता गो," त्या म्हणाल्या. "माका आता तसा कोण दिसना नाय."

आम्ही बोलत असताना बाहेर टीव्हीचा आवाज बारीक झाला होता. थोड्या वेळाने तो परत मोठा झाला.